चौल : एक बंदर आणि त्याच्या बोली

पांढुर्णा आणि सौंसर हा आमचा प्रदेश समुद्रापासून शेकडो मैल आत वसलेला आहे. येथील नद्यांचे पाणी गोदावरीच्या वाटेने पूर्वसमुद्रास मिळते. पश्चिम किनाऱ्याशी या मातीचा दृश्य संबंध कोठेच येत नाही. असे असताना कोकणातील एका उजाड झालेल्या बंदराचा इतिहास येथील शिक्षकांपुढे व साहित्यप्रेमी सभासदांपुढे मांडण्याचे प्रयोजन काय, असा प्रश्न वाचकांच्या मनात येणे स्वाभाविक आहे. त्याचे उत्तर आरंभीच दिलेले बरे. बंदराचा इतिहास हा बहुधा जहाजांचा, तोफांचा आणि तहांचा इतिहास म्हणून लिहिला जातो. परंतु बंदरात माल उतरतो तशी माणसे उतरतात, आणि माणसांबरोबर भाषा उतरतात. सत्ता जाते, खाडी गाळाने भरते, व्यापार दुसरीकडे वळतो. मग त्या भाषांचे काय होते? राज्यकर्त्यांची कृपा गेल्यावर एखादी बोली कशाच्या आधारावर जगते आणि कशामुळे मरते? १९५६ साली राज्यांची फेररचना होऊन ज्यांची मराठी महाराष्ट्राच्या सीमेबाहेर राहिली, त्या आम्हांस हा प्रश्न केवळ पुस्तकी वाटत नाही. चौल या बंदराच्या इतिहासात त्याची एकाहून अधिक उत्तरे सापडतात, म्हणूनच हा लेख.

नाव आणि प्राचीनत्व

रायगड जिल्ह्यात, म्हणजे पूर्वीच्या कुलाबा जिल्ह्यात, कुंडलिका नदी ज्या ठिकाणी समुद्रास मिळते त्या मुखाच्या उत्तरेस चौल आणि रेवदंडा ही जोडगावे आहेत. दक्षिण तीरावर समुद्रात शिरलेल्या डोंगरी सोंडेवर कोर्लईचा किल्ला आहे. परंपरा चौलला चंपावती आणि रेवदंड्यास रेवती अशी नावे देते. जुन्या मराठी लेखनात ‘चेऊल’ हे रूप आढळते. ते आजच्या उच्चारापेक्षा मूळ नावाच्या अधिक जवळचे आहे. कान्हेरीच्या लेण्यांतील शिलालेखांत काही दात्यांनी आपले गाव ‘चेमुल’ असे सांगितले आहे. ख्रिस्ती शकाच्या पहिल्या शतकात एका अज्ञात ग्रीक खलाशाने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ या प्रवासपुस्तिकेत कल्याणच्या दक्षिणेकडील पेठांमध्ये ‘सेमुल्ला’ हे नाव येते. दुसऱ्या शतकातील टॉलेमीने ‘सिमुल्ला’ असे नाव देऊन, तेथील लोक त्यास ‘तिमुल’ म्हणतात, अशी पुस्तीही जोडली आहे. ही सारी नावे चौलचीच, असे बहुतेक संशोधकांनी मानले आहे.

टॉलेमीची ही पुस्ती लहान असली तरी अर्थपूर्ण आहे. अलेक्झांड्रियात बसलेल्या भूगोलवेत्त्यास, परकीय खलाशी गावाला एका नावाने ओळखतात आणि गावचे लोक दुसऱ्या नावाने, एवढे कळले होते. बंदराला एकच नाव नसते. जितक्या जिभा तितकी नावे. पुढे अरबांनी याच गावास ‘सैमूर’ म्हटले, पोर्तुगीजांनी ‘शावूल’ म्हटले, रशियन प्रवाशाने ‘चिविल’ लिहिले. चेमुलचे चेऊल आणि चेऊलचे चौल होण्याची प्रक्रिया मात्र गावच्याच जिभेवर घडत राहिली. परकीयांनी दिलेले प्रत्येक नाव त्यांच्या बरोबर आले आणि त्यांच्या बरोबर गेले.

सैमूरची वसाहत

दहाव्या शतकाच्या आरंभी हे बंदर ठाण्याच्या शिलाहारांच्या राज्यात होते आणि शिलाहार हे मान्यखेटच्या राष्ट्रकूटांचे मांडलिक होते. याच राष्ट्रकूटांचा एक ताम्रपट, तिसऱ्या कृष्णाचा शके ८६२ मधील, वर्धा जिल्ह्यातील देवळी येथे मिळालेला आहे. म्हणजे आमच्या शेजारच्या वऱ्हाड-वर्धेची भूमी आणि चौलचा किनारा हे दोन्ही तेव्हा एकाच छत्राखाली होते. आज दूर वाटणारी ही दोन टोके त्या काळी परस्परांस सर्वस्वी परकी नव्हती, हे यावरून ध्यानात येईल.

हिजरी सन ३०४ मध्ये, म्हणजे इ. स. ९१६-१७ च्या सुमारास, अल् मसूदी हा बगदादचा प्रवासी व इतिहासकार सैमूर येथे आला. तेथे झंझ नावाचा राजा ‘बल्हरा’च्या वतीने, म्हणजे राष्ट्रकूट सम्राटाच्या अधीन राहून, राज्य करीत असल्याचे त्याने लिहून ठेवले आहे. त्याच्या सांगण्याप्रमाणे गावात सुमारे १०,००० मुसलमानांची वस्ती होती. त्यांतील काही सिराफ, ओमान, बसरा व बगदाद येथून येऊन विवाह करून स्थायिक झालेले होते, तर काही याच देशात जन्मलेले होते. त्यांच्या आपसांतील व्यवहारांसाठी त्यांच्यांतीलच एक प्रमुख राजा नेमीत असे, आणि त्याच्या पदास ‘हुनरमन’ म्हणत. ही व्यवस्था केवळ प्रवाशाच्या कल्पनेतली नव्हती. पालघर जिल्ह्यातील चिंचणी येथे सापडलेल्या शके ८४८ मधील ताम्रपटात राष्ट्रकूटांनी संजाण बंदराचा कारभार ‘मधुमती’ नावाच्या ताजिक, म्हणजे अरब, अधिकाऱ्याकडे सोपविल्याचा उल्लेख आहे. ‘मुहम्मद’ या नावाचे हे संस्कृत रूप होय. व्यापारासाठी आलेल्या परकीयास आपल्या रीतीने राहू द्यावे, एवढे राजकीय शहाणपण किनाऱ्यावरील आणि दख्खनमधील राजांस पुरतेपणी होते.

भाषेविषयीही मसूदीने एक नोंद केली आहे. सैमूर, सोपारा, ठाणे या किनाऱ्यावर ‘लारी’ भाषा बोलली जाते आणि सम्राटाच्या राजधानीतील भाषा तिच्याहून वेगळी आहे, असे तो म्हणतो. ही किनाऱ्याची भाषा नेमकी कशी होती हे ठरविण्यास तिचा नमुना त्याने दिलेला नाही. परंतु चौल व अलिबाग यांच्या दरम्यान असलेल्या आक्षी गावी मिळालेला एक शिलालेख येथे सहजच आठवतो. ‘पश्चिमसमुद्राधिपती’ अशी बिरुदावली मिरविणाऱ्या केसीदेवरायाच्या प्रधानाने देवीच्या बोडणासाठी धान्य नेमून दिल्याचा हा लेख मराठीत आहे. त्यावरील शक ९३४, म्हणजे इ. स. १०१२, असा वाचला गेला असून, काही अभ्यासकांनी त्याचा काळ सुमारे दोन शतके पुढे ओढला आहे. हा वाद बाजूस ठेवला तरी एक गोष्ट निर्विवाद आहे : मराठीच्या सर्वांत जुन्या कोरीव लेखांपैकी एक चौलच्या वेशीवर उभा होता. जेथे अरबी, फारसी बोलणारे व्यापारी हजारोंनी नांदत होते, त्याच परिसरात मराठी दगडावर कोरली जाण्याइतकी वयात आली. परभाषांच्या सहवासाने भाषा आखडते ही समजूत खरी असती, तर मराठीचा हा आरंभीचा लेख एखाद्या एकाकी खेड्यात सापडावयास हवा होता.

सैमूरच्या त्या वसाहतीची अरबी पुढे कोठे गेली? विवाहसंबंध येथेच होऊ लागले, दुसऱ्या-तिसऱ्या पिढीची आई येथील होती, आणि घरातील भाषा आईची झाली. कोकणी मुसलमानांच्या बोलीत आजही मराठीचाच सांगाडा आहे. हे या बंदराने दिलेले पहिले उत्तर : माणसे राहिली, धर्म राहिला, बोली मात्र विरघळली.

बैलांचे तांडे आणि घोड्याचा व्यापारी

बंदराचे जीवन त्याच्या पाठीमागच्या देशावर अवलंबून असते, ही गोष्ट किनाऱ्याचे इतिहास लिहिताना पुष्कळदा विसरली जाते. सोळाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात दुआर्त बार्बोझा या पोर्तुगीज लेखकाने चौलचे जे वर्णन केले आहे, त्यात ही बाजू उत्तम रीतीने उमटली आहे. एरवी गावात वस्ती बेताचीच. परंतु डिसेंबर ते मार्च या महिन्यांत मलबारची जहाजे लागत आणि देशावरून व्यापाऱ्यांचे तांडे उतरत. बैलांच्या पाठीवर आडव्या गोण्या टाकलेल्या असत, आणि एकेक हाक्या वीस-तीस बैल पुढे घालून चालवी. गावाबाहेर या तांड्यांचा तळ पडे आणि तेथेच जत्रेसारखा बाजार भरे. पोळ्याच्या दिवशी बैलांची पूजा करणाऱ्या आमच्या शेतकऱ्यांस हे चित्र परके वाटणार नाही. समुद्रावर गलबतांचा जो मान, तोच घाटमाथ्यावर बैलाचा होता. त्याच्या पाठीवाचून एकही जहाज भरले नसते.

त्यापूर्वी सुमारे १४६९ मध्ये, बहमनी राजवटीत, त्वेर या रशियन नगराचा रहिवासी अफानासी निकितिन चौलास उतरला होता. तो घोडा घेऊन आला होता, कारण दख्खनच्या सुलतानांना घोड्यांची सतत गरज असे आणि ते समुद्रमार्गेच येत. पायी प्रवास करीत तो पालीवरून जुन्नरास गेला. तेथील खानाने त्याचा घोडा अडकवून ठेवला आणि धर्म बदलण्याची अट घातली. एका खुरासानी माणसाच्या मध्यस्थीने घोडा परत मिळाला. पावसाळ्याचे महिने जुन्नरास काढून तो बीदरला गेला. मायदेशी परतताना स्मोलेन्स्कजवळ त्याचा मृत्यू झाला, परंतु त्याची टिपणे उरली. या टिपणांत रशियन मजकुराच्या मध्येच अरबी, फारसी आणि तुर्की शब्दांची व वाक्यांची सरमिसळ आहे. बाजारात ऐकलेली भाषा त्याच्या लेखणीत उतरली ती तशीच. बंदरात आलेल्या माणसाची भाषा जशीच्या तशी परत जात नाही, याचे याहून बोलके उदाहरण क्वचितच मिळेल.

दोन चौल

वास्को द गामाच्या आगमनानंतर दहाच वर्षांनी चौलची खाडी रणभूमी झाली. मार्च १५०८ मध्ये इजिप्तच्या मामलुक सुलतानाचे आरमार आणि दीवचा मलिक अयाझ यांनी मिळून पोर्तुगीजांवर हल्ला केला. त्यात पोर्तुगीज व्हाइसरॉयचा पुत्र लोरेंसो द आल्मेदा मारला गेला. त्याचे जहाज मासेमारीसाठी खाडीत रोवलेल्या खांबांत अडकून पडले होते. साम्राज्यांच्या त्या झुंजीत कोळ्यांच्या खुंटांनी असा आपला वाटा उचलला. पुढील वर्षी दीव येथे पोर्तुगीजांनी या पराभवाचे उट्टे काढले.

१५२१ मध्ये अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या परवानगीने पोर्तुगीजांनी रेवदंड्यास ठाणे बांधावयास घेतले. तेव्हापासून चौल दोन झाली : खाडीमुखाशी पोर्तुगीजांचे ‘खालचे’ चौल, म्हणजे रेवदंडा, आणि आतल्या बाजूस निजामशाहीचे ‘वरचे’ चौल. एकात गिरिजाघरे, मठ व तटबंदी. दुसऱ्यात मशिदी, हमामखाना, देवळे, विणकरांची व सावकारांची घरे. सोळाव्या शतकाच्या अखेरीस गोव्यात राहिलेल्या लिन्सखोटेन या डच लेखकाने आणि पुढे पिरार या फ्रेंच प्रवाशाने चौलच्या रेशमी कापडाचे आणि लाखकाम केलेल्या पेट्या-पलंगांचे कौतुक केले आहे. हे कारागीर वरच्या चौलातले होते. दोन्ही गावांचे एकमेकांवाचून चालत नव्हते आणि एकमेकांवर विश्वासही नव्हता. १५७०-७१ मध्ये मुर्तझा निजामशहाने रेवदंड्यास कित्येक महिने वेढा दिला, तो फसला. १५९४ मध्ये कोर्लईच्या डोंगरावर निजामशाहीने उभारलेला कोट पोर्तुगीजांनी घेतला. १६८३ मध्ये छत्रपती संभाजी महाराजांच्या सैन्याने रेवदंड्यास वेढा घातला. शेवटी चिमाजी अप्पांच्या नेतृत्वाखाली मराठ्यांनी १७३९ मध्ये वसई जिंकल्यावर उत्तर कोकणातील पोर्तुगीज सत्ता उन्मळली आणि १७४० मध्ये चौल व कोर्लई मराठ्यांच्या स्वाधीन झाली.

तोपर्यंत बंदराचे वैभव सरलेलेच होते. सुरत वाढली, १६६८ मध्ये मुंबई इंग्रज कंपनीकडे आली आणि तेथील इंग्रजांनी चौलच्या विणकरांना आपल्या बेटावर बोलावून वसविले. मोठ्या जहाजांना मुंबईसारखे खोल पाणी हवे होते, कुंडलिकेचे मुख त्यांना पुरेना. शतकानुशतके जगाच्या नकाशावर असलेले गाव पन्नास-पाऊणशे वर्षांत नारळी-पोफळींच्या वाड्यांचे गाव झाले. रेवदंड्याच्या तटाच्या आत आज माडांच्या बागा आहेत, आणि गिरिजाघराचा ‘सातखणी मनोरा’ त्यांच्या वर उभा आहे. वरच्या चौलात रामेश्वराचे देऊळ व त्यापुढील पुष्करिणी अद्याप नांदती आहेत.

जी बोली मागे राहिली

१७४० मध्ये पोर्तुगीज अधिकारी, सैनिक आणि धनिक निघून गेले. परंतु येथल्याच मातीतले, धर्मांतर करून ख्रिस्ती झालेले गरीब लोक कोठे जाणार? ते मागे राहिले आणि खाडीच्या दक्षिण तीरावर कोर्लई गावात त्यांची वस्ती टिकली. हे लोक आपसांत जी बोली बोलतात तिला ते ‘नॉ लिंग’, म्हणजे ‘आमची भाषा’, म्हणतात. बाहेरचे तिला क्रिस्ती म्हणून ओळखतात. ‘नॉ लिंग’ ही दोन्ही पदे पोर्तुगीज आहेत. तिचा शब्दसंग्रह बव्हंशी पोर्तुगीज असला, तरी लिस्बनहून आलेल्या माणसास ती सहज कळणार नाही. पोर्तुगीज वाक्यात क्रियापद कर्त्यानंतर लगेच येते आणि कर्म त्यामागून येते. कोर्लईच्या बोलीने मात्र कालांतराने मराठीची रीत उचलली आणि क्रियापद वाक्याच्या शेवटी नेले. शब्द समुद्रापलीकडचे, वाक्याची चाल शेजारच्या शेतातली, अशी ही घडण आहे. गोमंतकीय विद्वान मॉन्सिन्योर सेबास्तियांव रुदोल्फु दाल्गादु यांनी १९०६ मध्ये ‘उत्तरेकडील’ इंडो-पोर्तुगीज बोलीवर पोर्तुगीजमध्ये विवेचन प्रसिद्ध केले होते. खास कोर्लईच्या बोलीचा सखोल अभ्यास अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ जे. क्लॅन्सी क्लेमेंट्स यांनी केला आणि त्यांचा ग्रंथ १९९६ मध्ये निघाला. बोलणाऱ्यांची संख्या हजाराच्या आसपास भरते.

ज्या सत्तेने ही भाषा आणली, तिचा येथून अस्त होऊन पावणेतीनशेहून अधिक वर्षे लोटली. या काळात तिला ना राजाश्रय होता, ना लिपी, ना ग्रंथ, ना पाठशाळा. तरी ती राहिली. याची कारणे शोधू गेल्यास ती अगदी साधी आहेत. विवाह वस्तीतल्या वस्तीत होत असल्यामुळे घरातील आई-बापांची बोली एकच राहिली. शेजाऱ्यांहून धर्म वेगळा असल्यामुळे वस्तीच्या भोवती एक अदृश्य कुंपण राहिले. आणि चर्चमधील उपासनेत तिच्या जवळची पोर्तुगीज दीर्घकाळ कानावर पडत राहिली. १९६० नंतरच्या दशकात दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या निर्णयाने कॅथलिक उपासना जगभर लोकभाषांतून होऊ लागली. कोर्लईची लोकभाषा म्हणून मराठी ठरली, आणि शाळाही मराठीच होती. ज्या भाषेचे आम्ही भक्त, तीच येथे एका लहान बोलीवर हळूहळू पसरणारी मोठी भाषा आहे, हे आम्ही विसरता कामा नये.

बेने इस्राएल

चौलच्या परिसराने आणखी एक उत्तर दिले आहे, आणि मराठीच्या दृष्टीने ते सर्वांत हृद्य आहे. अलिबागजवळील नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या व त्यांच्यापासून आपला समाज वाढला, अशी बेने इस्राएलांची परंपरा सांगते. शनिवारी काम न करणारे तेली म्हणून लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत. रेवदंडा, अलिबाग, रोहे, पेण या टापूत ते गावोगाव पसरले आणि गावांचीच नावे त्यांनी आडनावे म्हणून घेतली : चेऊलकर, रोहेकर, नवगावकर, पेणकर. या समाजाचा इतिहास लिहिणारे हाईम सॅम्युएल केहिमकर यांचे आडनावही किहीम या गावावरूनच आलेले आहे.

या समाजाने पूर्वजांची भाषा सोडली आणि मराठी घेतली. धर्म मात्र सोडला नाही. मराठी ही त्यांच्या घराची भाषा झाली, आणि एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात बायबलमधील कथांवर मराठी कीर्तने करण्याची प्रथाही त्यांच्यात सुरू झाली. १९४८ नंतर यांतील पुष्कळ कुटुंबे इस्राएलमध्ये गेली. तेथे त्यांनी ‘मायबोली’ या नावाचे मराठी नियतकालिक चालविले. बंदरावर परकी म्हणून उतरलेल्या लोकांनी आपल्या बोलीच्या जागी मराठीस बसविले, आणि सुमारे अडीच हजार मैलांवर जाऊन तिलाच मायबोली म्हटले. भाषा रक्ताने येत नाही, ती सहवासाने येते, याची आणखी कोणती साक्ष हवी?

आमच्यापुरते तात्पर्य

या तिन्ही उत्तरांकडे एकत्र पाहिले म्हणजे एक गोष्ट स्पष्ट होते. सैमूरच्या अरबांची बोली विरघळली, कोर्लईची टिकली, बेने इस्राएलांनी दुसरीच आपलीशी केली. यांपैकी एकाही ठिकाणी भाषेचे भवितव्य राज्याच्या सीमेने ठरविलेले नाही. ते ठरले स्वयंपाकघरात, लग्नाच्या मांडवात, उपासनेत आणि मुलांच्या खेळात. पोर्तुगीजांनी उभारलेल्या तटाने पोर्तुगीज भाषेचे रक्षण केले नाही. तट ढासळल्यावर ती जगली, ती मासळी सोलणाऱ्या आणि अंगाई गाणाऱ्या स्त्रियांच्या तोंडी.

पांढुर्णा-सौंसरची गोष्ट याहून निराळी आहे काय? देवगडच्या गोंड राजांचा, मग नागपूरकर भोसल्यांचा, मग इंग्रजांच्या मध्य प्रांताचा असा हा मुलूख. नागपूर ही राजधानी असेपर्यंत येथील मराठीस आपण सीमेवर आहोत असे वाटण्याचे कारण नव्हते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भाचे आठ मराठी जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि छिंदवाडा जिल्हा नव्या मध्य प्रदेशात राहिला. ऑक्टोबर २०२३ मध्ये पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला व सौंसर त्यात आले. कचेरीचा, शासनाचा आणि उच्च शिक्षणाचा व्यवहार हिंदीतून चालतो. यात कोणाचा अन्याय शोधण्याचे प्रयोजन नाही. प्रत्येक राज्यास आपली व्यवहारभाषा असतेच, आणि हिंदीने येथील माणसाचे जग मोठेही केले आहे. परंतु कचेरीच्या भाषेने घराची भाषा आपोआप जात नाही, तशी ती आपोआप राहतही नाही. कोर्लईच्या कोळ्या-शेतकऱ्यांस जे जमले ते आम्हांस जमेल की नाही, हे आमच्या घरांवर अवलंबून आहे.

शब्दांच्या बाबतीत तर बंदर आमच्या दारापर्यंत केव्हाच येऊन पोहोचले आहे. बाजारात मालाचा लिलाव होतो, मजूर घमेल्यात माती वाहतो, महिनाअखेर पगाराची वाट पाहिली जाते, दाराला बिजागरी आणि कुलपाला चावी लागते, कणीक परातीत मळली जाते, भाजीत बटाटा आणि कोबी पडतो. हे सारे शब्द पोर्तुगीजांच्या जहाजांतून पश्चिम किनाऱ्यास उतरले आणि घाट चढून येथवर आले. समुद्र कधी न पाहिलेल्या शेतकऱ्याच्या बोलण्यात समुद्रापलीकडचे शब्द आहेत, आणि त्यामुळे त्याची मराठी तसूभरही उणी झालेली नाही. तेव्हा आमच्या मुलांच्या मराठीत हिंदीचे शब्द आले म्हणून लगेच भाषा बुडाली, असा आक्रोश करण्याचे कारण नाही. कोर्लईच्या बोलीने तर वाक्याची घडणच बदलून घेतली, तरी ती त्यांची भाषाच राहिली. काळजी करावयाची ती शब्द मिसळल्याची नव्हे, बोलणे थांबल्याची. ज्या दिवशी आजी मराठीत विचारते आणि नातू दुसऱ्या भाषेत उत्तर देतो, त्या दिवसापासून हिशेब मांडावयास हवा.

याबरोबरच आणखी एक कर्तव्य आमच्यावर येते. आमच्याच गावांत पवारी बोलणारी कुटुंबे आहेत, गोंडी बोलणाऱ्या वस्त्या आहेत. राज्याच्या दरबारात मराठीची बाजू मांडताना आम्ही लहान भाषेचे वकील असतो. त्याच वेळी, वर्गात पवारी किंवा गोंडी बोलणाऱ्या मुलापुढे आम्ही मोठ्या भाषेचे प्रतिनिधी असतो. कोर्लईत मराठी जी आहे, ती आम्ही त्याच्यासाठी असतो. या मुलाची बोली अशुद्ध ठरवून हसणारा शिक्षक, मराठीस उणे लेखणाऱ्याविरुद्ध तक्रार करण्याचा अधिकार गमावून बसतो. मुलाच्या घरच्या शब्दाला फळ्यावर जागा देणे, त्याच्या आजीच्या म्हणी व गाणी वहीत उतरवून घेणे, आपल्या गावच्या मराठीचे, संत्र्याच्या बागेचे, कापसाच्या शेताचे, सणवारांचे शब्द त्यांच्या शेजारी लिहून ठेवणे, हे काम कोणत्याही शासकीय आज्ञेवाचून उद्यापासून करता येण्याजोगे आहे. कोर्लईच्या बोलीची नोंद होण्यासाठी सातासमुद्रापलीकडचा अभ्यासक यावा लागला. आमच्या बोलींची नोंद करणारी माणसे येथील शाळांतच बसलेली आहेत.

चौलच्या खाडीत आता मोठी जहाजे येत नाहीत. मसूदीने पाहिलेली वसाहत, बार्बोझाने वर्णिलेला बाजार, निजामशाहीचे हमामखाने, पोर्तुगीजांचे मठ यांचे भग्नावशेष तेवढे दिसतात. परंतु खाडीच्या त्या तीरावर एका लहानशा गावात संध्याकाळी आया मुलांना हाक मारतात, ती ‘आमच्या भाषेत’. एवढ्या मोठ्या बंदराचे जे जिवंत अवशेष उरले त्यांत या हाकेची गणना प्रथम केली पाहिजे, असे आम्हांस वाटते.